खुनी हाती लागला, एडिटर बाकी होती

ती घटना आठवली की आजही मला माझंच हसू येतं.

तेव्हा मी धुळे जिल्ह्यात एका ठाण्याचा प्रभारी होतो. साक्रीच्या आठवडे बाजारातून एका भाजीवाल्याचा फोन आला, "भाऊ, टीव्हीवरला फरार खुनी आठे बाजारमा भजी खाई राहिना."

खऱ्या गुन्ह्यांवरच्या त्या कार्यक्रमाची जाहिरात मीही पाहिली होती. चेहरा तोच. उचलून आणला, स्टेशन डायरीत नोंद केली, चौकशीला बसलो.

"साहेब, मी फक्त..."

"फक्त काय? गळा दाबलास ना?"

"दाबला, पण..."

"कोणाच्या सांगण्यावरून?"

"एडिटर मॅडमना तो नीट वाटला नाही, म्हणून आज परत..."

सूत्रधार सापडली म्हणून मी खूश. फोन करून मॅडमना बोलावून घेतलं.

लॅपटॉप काखेत मारून एरंडोलची एक तरुण मुलगी आली. माझे पांढरे केस बघून म्हणाली, "आबा, हाऊ मना खुनी शे. याले सोडा, काम बाकी शे."

तिने कच्चं चित्रण दाखवलं. गळा दाबणारा आणि मेलेला, दोघे उठून चहा पीत होते. तिचा खुनी म्हणजे तिच्या भागातला नट. ओळखपत्र तपासलं, त्याला सोडलं.

पण तिचा जीव टांगणीला. बरीच वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढल्यावर हा तिचा पहिला स्वतंत्र भाग. उरलेलं चित्रणही आज तिनेच उरकायचं होतं; चौकशीचा प्रसंग झाला नाही, तर भाग दुसऱ्याकडे जाणार. आणि पोलिसाचं काम करणारा नट वाट बघून एसटीने निघून गेलेला.

"आता तुम्हीच बसा समोर," ती म्हणाली.

ठाण्यात, वर्दीत शूटिंग करायचं तर परवानगी लागते. ड्युटी संपल्यावर साध्या शर्टात एका लॉजच्या खोलीत बसलो. जीव तोडून प्रश्न विचारले.

भाग लागला त्या दिवशी सगळं घर टीव्हीसमोर. पडद्यावर माझा फक्त टेबलावरचा हात. प्रश्न एकही नाही. समोरचा खाली बघतो आणि सगळं सांगून टाकतो.

"तुम्ही कुठे आहात?" बायको म्हणाली.

मी एडिटरला फोन लावला. "आबा, तुम्ही बोलायचं थांबलात, तेवढंच ठेवलं."

आज ती त्या कार्यक्रमाची मुख्य एडिटर आहे. मीही पुढे प्रश्न विचारून गप्प बसायला लागलो. ती शांतता सहन न होऊन भले भले बोलते झाले. प्रशिक्षणात हे शिकवलंही असेल. तेव्हा मी बोलत असेन.