रखमाकाकी चावी देत नाय

सरपंच हरेश्वरभाऊ पंचायतीच्या ऑफिसात सगळ्यांसमोर हात पुढे करून बोलले, "वयनी, चावी द्या."

आणि आमची रखमाकाकी बोलली, "न्हाय देत."

एवढंच. आवाज पण नाय चढवला. पण मी दाराशी उभी होते ना, आमच्या वाडीतलं माणूस त्या ऑफिसात असं तोंडावर 'नाय' बोललेलं मी तरी कधी ऐकलं नव्हतं.

चावी म्हणजे घराची नाय. हातभर लांब लोखंडी दांडा, वर आडवी मूठ. रस्त्यात पुरलेले पाण्याचे व्हॉल्व्ह तिनेच उघडतात. काकी आमच्या गावाला पाणी सोडते. बोर्ली पंचतनच्या अलीकडे आमचं गाव, खाली माडा-पोफळीच्या बागांमधली खालची आळी आणि वर टेकाडावर आमची बौद्धवाडी, चव्वेचाळीस घरं. विहीर ओढ्याकाठी. खालच्या आळीला टाकीतून आपोआप पाणी उतरतं. आम्ही टाकीच्याही वर, म्हणून आमच्यासाठी रोज पन्नास मिनिटं मोटर वेगळी चालवावी लागते.

काकीला ही चावी कोणी ओवाळून दिलेली नाय हां. वादळाच्या साली दीड महिना लाईट नव्हती, आधीचा पाणीवाला मुंबईला पळाला. तेव्हा काकीने वाडीतल्या बाया गोळा केल्या, दोरीने पाणी शेंदलं आणि खालच्या आळीतल्या म्हाताऱ्यांच्या दारात पण हंडे नेऊन ठेवले. तेव्हा कोणी विचारलं नाय हंडा कोणाचा ते. त्याच विहिरीवर काकीची आजेसासू लांब उभी राहायची, कोणी वरून ओतेल तेव्हा घ्यायचं. लाईट आली तेव्हा चावी काकीच्या हातात होती आणि ती तिथेच राहिली.

आता मागायचं कारण. गेल्या वर्षी पंचायतीला वीज वाचवायचं सरकारी अनुदान मिळालं. पहिल्या हप्त्यात नवीन मोटर आणि रस्त्यावर एलईडी दिवे. दुसऱ्या हप्त्यात विहिरीवर सोलर बसणार, म्हणजे उन्हावर पाणी चढणार. अट एकच, तिसऱ्या महिन्याच्या मीटरमध्ये वीज आधीपेक्षा तीस टक्के कमी दिसली पाहिजे. दोन महिने झाले तरी अठराच टक्के कमी दिसत होती. जिल्ह्याचे साहेब येऊन बोलून गेले, "तीस नाही दिसले तर सोलर विसरा."

मग हरेश्वरभाऊंनी डोकं लावलं. बौद्धवाडीला पाणी एक दिवसाआड! पन्नास मिनिटांची मोटर निम्म्यावर, हिशोब बरोबर.

"महिन्याभराचाच प्रश्न हाय वयनी. सोलर आलं की तुम्हाला चोवीस तास पाणी."

"मग महिनाभर खालच्या आळीला दिवसाआड सोडते. त्यांना पण मिळेल की नंतर चोवीस तास."

"तसं नाय ना जमत."

"का नाय जमत?"

भाऊंनी हातच पुढे केला. मग ते चावी द्या झालं, आणि काकीचं न्हाय झालं. वर काकी बोलली, "लेखी द्या. बौद्धवाडीचं पाणी कमी केलं, असं लिहा, खाली सही करा. लगेच चावी टेबलावर ठेवते." भाऊंनी पेन उघडलं, बंद केलं. शेवटी बोलले, "महिनाअखेरपर्यंत बघतो. तीस नाय आले तर दुसरा माणूस ठेवणार आणि तुमच्या वाडीचं पाणी मी स्वतः बंद करणार."

म्हणजे काकीची नोकरी पण, वाडीचं पाणी पण. सगळं त्या मीटरवर.

वाडीत आलो तर आमचाच भिकूदादा सुरू झाला. "कशाला नडायचं? एक दिवस आड तर आड, पिंपं भरून ठेवू."

काकीने त्याच्याकडे असं बघितलं ना! "भिकू, वीस मार्चला दरवर्षी महाडला जातोस ना रे? तिथं काय नुसता जेवायला जातोस?"

भिकूदादा उठला, चपला घातल्या आणि घरी गेला.

दुसऱ्या दिवशी काकीने खालच्या आळीचा व्हॉल्व्ह उघडला आणि रोजच्यासारखी परत फिरली नाय. घराघरासमोरून चालत गेली, मी मागोमाग. आणि काय दिसलं माहितीये? निम्म्या नळांना तोट्याच नाहीत. ज्यांना आहेत त्या कायम उघड्या. खाली पत्र्याचा डबा पालथा घातलेला. डबा वाजला की घरातल्यांना कळतं पाणी आलं. मग बाई हंडे भरते, आत जाते आणि नळ तसाच धो धो! पाणी पाटातून मागच्या बागेत. वादळात माड पडले, त्या जागी सगळ्यांनी नवीन रोपं लावलीत, त्या रोपांच्या मुळाशी.

सरपंचांची आई वेणूबाई ओट्यावर बसलेली. नळ चालूच.

"काकू, पाणी वाया चाललंय."

"वाया कुठं जातंय गं रखमे? माडाला जातंय की."

"माडाला बागेत विहीर हाय ना तुमची?"

"हाय. पण तिथली मोटर लावली तर बिल आम्हाला येतं."

इतकं सरळ बोलली म्हातारी, मला हसू पण आलं आणि राग पण. म्हणजे टाकी भरायला तासन् तास पंचायतीची मोटर चालते ती माडांसाठी आणि वीज वाचवायला आमचे हंडे रिकामे?

काकी भांडली नाय. घरी आली, कोयत्याने लाकडाच्या खुंट्या तासायला बसली. प्रत्येक खुंटीला सायकलच्या जुन्या ट्यूबची पट्टी गुंडाळली. चार दिवसांत तोटी नसलेल्या प्रत्येक नळात खुंटी. डबे काढायला लावले. "मग पाणी आलेलं कळणार कसं?" सगळ्या बायांचा एकच प्रश्न. काकीने ती लोखंडी चावी उचलली आणि नवीन दिव्याच्या खांबावर हाणली, टण टण टण! अख्ख्या आळीत ऐकू गेलं. "हे वाजलं की नळ उघडायचा. भरून झालं की बंद. उघडा नळ दिसला तर आळीचा व्हॉल्व्ह बंद करून मी घरी."

आणि तिने केला बंद! पहिल्या आठवड्यात तीनदा. काय शिव्या बसल्या. "चावी काय हातात आली, सासू झाली गावाची!" काकी बोलली, "व्हय, झाले. सुनांनो, नळ बंद करा."

हळूहळू नळ बंद व्हायला लागले. एकच राहिला, सरपंचांच्या दारातला. खुंटी मारली की दुसऱ्या दिवशी काढून टाकलेली. महिना संपायला नऊ दिवस उरले तेव्हा काकी त्या दारासमोर उभी राहिली, वाहणारा नळ बघितला आणि सरळ जाऊन आळीचा व्हॉल्व्ह आवळला. पाच मिनिटांत सगळ्या बाया हंडे घेऊन रस्त्यावर.

"रखमे, आमचं पाणी का बंद?"

काकीने चावीने नुसतं त्या नळाकडे दाखवलं.

मग बाया काकीशी नाय, वेणूबाईशी भांडायला लागल्या! "आमच्या माडांना घागरीने घालतोय आम्ही, तुमचे काय लाडके?" गोंधळ ऐकून हरेश्वरभाऊ बनियनवर बाहेर आले. सगळ्यांकडे बघितलं, काकीकडे बघितलं. आत गेले, पाना आणि एक नवीन पितळी तोटी घेऊन आले. तोटी घरातच पडून होती! सगळ्या आळीसमोर वाकून स्वतः बसवली.

अजून एक गोष्ट काकीने केली. आमच्या वाडीला पाणी कायम शेवटी यायचं, नऊ वाजता. तोवर खालच्या आळीतल्या घरगुती लॉजांचे गिझर चालू, व्होल्टेज पडलेलं, मोटर नुसती कण्हते. काकीने आमची पाळी सगळ्यात आधी लावली, पहाटेच्या पूर्ण व्होल्टेजला. पन्नास मिनिटांचं काम छत्तीस मिनिटांत. आधी बौद्धवाडी, मग खालची आळी. विचारायला कोणाकडे गेली नाय.

महिनाअखेरीला साहेब मीटर बघायला आले. आकडेमोड केली, चष्मा पुसून परत केली. एकतीस टक्के.

"छान! नवीन मोटरचा परिणाम," साहेब बोलले आणि लिहायला लागले.

"मोटर तर तीन महिन्यांपासून हाय," काकी बोलली. "तोट्या लिहा."

"अहो बाई, फॉर्ममध्ये तोट्यांचा रकाना नाहीये."

"मग पाडा. पेन तुमच्या हातात हाय."

साहेबांनी हरेश्वरभाऊंकडे बघितलं. भाऊ बोलले, "लिहा साहेब. तोट्याच हायत." साहेबांनी कडेला बारीक अक्षरात लिहिलं. काकीने मला वाचायला लावलं, मोठ्याने.

मग भाऊ बोलले, "वयनी, आता झालं ना तुमच्या मनासारखं? उद्यापासनं पाळी पहिल्यासारखी लावा. आळीतले कुरकुरतायत."

काकीने चावी खांद्यावर टाकली. "न्हाय," ती बोलली, आणि टेकाडाची वाट धरली.

आज सकाळी सहाला पहिलं टण टण आमच्याच वाडीत वाजलं.