केंदूरची नाचणारी घोडी

दौंडला मी बरीच वर्षं प्राण्यांसाठी काम केलं. काम म्हणजे मुख्यतः तक्रारी. वरातीत नाचवतात त्या घोड्यांच्या जखमांचे फोटो काढायचे, पोलीस चौकीत द्यायचे, शाळांमधून दाखवायचे. चौकीत फोटोंचं पाकीट कुणी उघडत नसे. शाळेत मुली डोळे झाकून घेत. म्हणून मी एक जुना कॅमेरा घेतला आणि ठरवलं, एकाच घोडीची फिल्म करायची, आणि त्यात जखम दाखवायची नाही.

शिरूर तालुक्यात केंदूरला एक घोडीवाले होते. त्यांच्याविरुद्ध आधी मीच तक्रार केली होती. त्यांनी मला लगेच ओळखलं.

"परत तक्रार का?"

"नाही मामा. तुमच्या घोडीची फिल्म करायचीये."

"त्यात आन् तक्रारीत फरक काय?"

"तक्रारीत तुमचं म्हणणं नसतं."

त्यांनी थोडा विचार केला आणि मामींना चहा टाकायला सांगितलं.

हिवाळाभर मी जात राहिले. एकदा घोडीच्या पोटात कळ आली. मामा तिला दिवसभर बांधावरून फिरवत होते, मागून मी कॅमेरा घेऊन. संध्याकाळी तिनं लीद टाकली, पोट मोकळं झालं, तेव्हा मामा रडले. नंतर म्हणाले, "रडल्यालं काढून टाका. लीद ऱ्हाऊ द्या."

मग एका दुपारी रस्त्यावरून दुसऱ्याच कुणाची तरी वरात गेली. घोडी गोठ्यात एकटीच बांधलेली होती. बँड ऐकू आला तशी ती पुढचे पाय आलटून पालटून उचलायला लागली. पाठीवर कुणी नव्हतं, समोरही कुणी नव्हतं. अंगाला घाम फुटला होता. बँड लांब गेला तेव्हाच ती थांबली. फिल्ममध्ये मी ते सगळं ठेवलं, वर एक शब्दही न बोलता.

फिल्म पहिल्यांदा गावच्या समाजमंदिरात दाखवली. त्या प्रसंगाला लोकांनी टाळ्या वाजवल्या. एकानं उठून विचारलं, ही घोडी वैशाखात मोकळी हाय का. मी मागं उभी होते. फोटो काढणंच बरं होतं, असं वाटून गेलं.

माझ्या पुढच्याच रांगेत बसलेल्या मामांनी टाळी वाजवली नव्हती. शेजारी बसलेल्या मामी हळूच म्हणाल्या, "शिकवताना पायावर मारलेली काठी आठवत आसंल तिला."

"व्हय," मामा म्हणाले.

घोडी अजूनही लग्नांना जाते. नवरदेव बसतो, ती चालते. नाचवा म्हणून कुणी मागं लागलं की मामा सांगतात, "गुडघा धरलाय तिचा." मी गुडघा नीट तपासला. त्याला काहीही झालेलं नाही.

गेल्या हंगामात पाबळला एका वरातीत मी मामांच्या घोडीबरोबर होते. नवरदेवाच्या मामानं मलाच गाठलं आणि विचारलं, घोडी नाचत का नाही.

"डॉक्टरांनी मनाई केलीये," मी म्हणाले.

त्यानं मान हलवली आणि तो स्वतःच नाचायला गेला.