उरलेले आठशे मीटर

आमच्या सोसायटीतल्या धावणाऱ्यांचा एक अलिखित नियम आहे. आकडा पूर्ण झाल्याशिवाय थांबायचं नाही. घड्याळात नऊ किलोमीटर सातशे मीटर दिसत असतील तर उरलेले तीनशे पार्किंगमध्ये गोल गोल फिरून भरायचे. रविवारी सकाळी चिंचवडला आमच्या गेटपाशी आलात तर आठ-दहा पोक्त माणसं दुचाकींच्या रांगांभोवती, मनगटाकडे बघत, घामाघूम होऊन घिरट्या घालताना दिसतील. वॉचमनला आता सवय झाली आहे. नवा होता तेव्हा त्याने मला विचारलं होतं, "साहेब, किल्ली हरवली का?"

या नियमाचा सगळ्यात कडवा पाईक मीच. चाकणच्या एका कारखान्यात मी प्लॅनिंग बघतो. कुठला भाग किती मिनिटांत कुठल्या टेबलावरून पुढे सरकला पाहिजे, हे ठरवण्यात माझ्या नोकरीची सगळी वर्षं गेली. ही सवय कंपनीच्या बसमधून उतरताना तिथेच ठेवून येता येत नाही. माझी बायको म्हणते, "तुम्ही चहा पीत नाही, उरकता."

तर ग्रुपने मे महिन्यात रत्नागिरीला जायचं ठरवलं तेव्हा आखणी आपोआप माझ्याकडे आली. तिथे एक बाई पाहुण्यांना धावत शहर दाखवतात असं कुणीतरी शोधून काढलं होतं. पहाटे मांडवीला जमायचं, बाई पुढे धावणार, मधे मधे थांबून माहिती सांगणार, आपण मागून धावत ऐकायचं. सहलीची सहल आणि सरावाचा सराव. आमची मंडळी एकदम खूश झाली. मी बाईंकडून रस्ता मागवून घेतला आणि रीतसर तक्ता केला. मांडवी चार मिनिटं, बंदर पाच, किल्ल्याजवळचा दीपस्तंभ सहा, पांढरा समुद्र चार. पाणी पिण्याला दीड मिनिट.

आता मुद्द्याची गोष्ट सांगतो. रत्नागिरी हे माझ्या बायकोचं माहेर.

माहेर म्हणजे, होतं. तिची आई ती आठ वर्षांची असतानाच गेली. वडील बंदराच्या कचेरीत कारकून. सकाळी ते कामावर गेले की शेजारच्या काकी हिला न्हाऊमाखू घालायच्या, वेणी घालून शाळेत पाठवायच्या, दुपारी जेवायला वाढायच्या. काकी फणसपोळ्या आणि कुळथाचं पीठ करून विकायच्या, त्यांना स्वतःचं मूलबाळ नव्हतं. आमच्या लग्नात पाठवणीच्या वेळी ही ज्यांच्या गळ्यात पडून रडली त्या काकीच. पुढे पाच वर्षांनी सासरे वारले. मेव्हण्याने घर विकलं आणि तो मुंबईला गेला. दिवसकार्य आटोपून आम्ही निघालो तेव्हा ही काकींना म्हणाली होती, "मे महिन्यात येते."

त्या मे महिन्यात माझ्या आईचं ऑपरेशन निघालं. पुढच्या मे महिन्यात लातूरकडे आमच्या गावी भावाचं लग्न होतं. मग मुलाची दहावी, मग ओव्हरटाइम, मग पुन्हा गाव. माझ्या रजेतला प्रत्येक दिवस माझ्या गावाला गेला. ती एका शब्दाने काही बोलली नाही आणि मी एका शब्दाने विचारलं नाही. सुरुवातीला दिवाळीला पत्रं जायची, तीही थांबली. वर्षं वाढत गेली तशी तिची लाज वाढत गेली. असे तेवीस मे महिने गेले.

निघायच्या आठवडाभर आधी ती माझा तक्ता वाचत होती. म्हणाली, "यात आमची आळी नाही ना?"

"बाईंच्या रस्त्यात नाही. का गं?"

"काही नाही."

मग कपड्यांच्या घड्या घालता घालता, माझ्याकडे न बघता, तिने विचारलं, "काकी असेल का हो अजून?"

मी म्हटलं, "फोन करून विचारू की कुणाला तरी. तुझ्या भावाला माहीत असेल."

"नको," ती घाईने म्हणाली. "विचारायचं नाही. कुणी सांगितलं की काकी नाही म्हणून, तर मग मी त्या आळीत पाऊल ठेवू शकणार नाही."

खरं तर तिथेच मी पेन उचलायला हवं होतं. मी तक्ता पाहिला. धावणं संपणं आणि बस सुटणं यांच्यात पावणेदोन तास होते, पण ते अंघोळ, नाश्ता आणि सामान बांधणं यांत वाटून टाकलेले. "बघू तिथे गेल्यावर," असं म्हणून मी विषय मिटवला.

शनिवारी बसने निघालो. कराडला मिसळ खाल्ली, आंबा घाट उतरलो. घाट उतरल्यावर हवा चिकट झाली आणि माझी मंडळी कुरकुरायला लागली. ही मात्र खिडकीची काच पूर्ण सरकवून बसली. एका वळणावर रस्त्याकडेला फणस विकायला ठेवले होते, त्यांचा वास आत आला तेव्हा तिने डोळे मिटून घेतले. तिच्या मनात काय चाललंय ते मला ठाऊक होतं. पण मागच्या सीटवर दोघांची अंताक्षरी रंगात आली होती, मीही त्यात सामील झालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला आम्ही मांडवीच्या वाळूत उभे होतो. आमच्या गाईड बाई पस्तिशीच्या, सडपातळ, एरवी बँकेत नोकरी करणाऱ्या. त्यांनी आधी आम्हाला वाकून वाळू हातात घ्यायला लावली. वाळू काळी होती. "आता तासाभराने पांढरी दाखवते," त्या म्हणाल्या. "एकाच गावाला दोन समुद्र आहेत आमच्या. मधे नुसता डोंगर." मग त्या धावायला लागल्या. हसत, मागे वळून बोलत, दम न लागता.

बंदरावर आलो तर नुकत्याच होड्या लागल्या होत्या. टोपल्या घेतलेल्या बायका, बर्फ, ओरडा आणि कुणालाही न घाबरणारी मांजरं. बाई जाळी विणणाऱ्या एका म्हाताऱ्यापाशी थांबल्या आणि गाठ कशी मारतात ते त्याने आम्हाला दाखवलं. ग्रुपमधला माझा मित्र मूळचा ताथवड्याचा, जुन्या गावकरी घरातला. त्याने तर जाळं हातातच घेतलं. पाच मिनिटं झाली. मी शिट्टी वाजवली.

हो, मी शिट्टी नेली होती.

"आरं राव," मित्र ओरडला, "समुद्र काय शिफ्ट सुटली म्हनून घरी जानार हाय का?"

सगळे हसले. बाई माझ्याजवळ येऊन म्हणाल्या, "काका, रत्नागिरीला आधी आला होतात का?"

"दोनदा," मी म्हटलं. "एकदा लग्नाला, एकदा सासरे वारले तेव्हा."

"म्हणजे आला नव्हतात," त्या म्हणाल्या. "घड्याळ खिशात ठेवा."

माझ्या धावण्याच्या चड्डीला खिसा नव्हता. मी तसं सांगितलं, तर त्या आणखीच हसल्या. मलाही हसू आलं, पण घड्याळ काही काढलं नाही.

चढण चढून दीपस्तंभापाशी पोचलो. खाली तिन्ही बाजूंनी पाणी आणि एका बाजूला माडांमध्ये रुतलेलं गाव. बाई काय सांगत होत्या ते मला आता आठवत नाही, कारण मी वेळ मोजत होतो. ही कठड्याला टेकून गावाकडे बघत होती. मी शेजारी गेलो तशी बोट दाखवून म्हणाली, "ते मोठं पिंपळाचं झाड दिसतंय ना, त्याच्या मागे विहीर. विहिरीच्या अलीकडे आमचं घर. आणि त्याला लागून..." मी बोटाच्या दिशेने बघितलं. मला नुसती छपरं दिसली.

सहा मिनिटं झाली. मी शिट्टी वाजवली आणि ती निमूटपणे उतरायला लागली. तेव्हा मला वाटलं, आपली बायको किती शिस्तीची. आज ते आठवलं की स्वतःच्या कानाखाली वाजवावीशी वाटते.

पांढऱ्या समुद्रावर पांढरी वाळू हातात घेतली, पाणी प्यायलो आणि परत मांडवीला आलो. बाईंनी टाळ्या वाजवून सगळ्यांचं कौतुक केलं. आमच्यातल्या कुणाचंही तिकडे लक्ष नव्हतं. सगळे मनगटं बघत होते. नऊ किलोमीटर दोनशे.

पुढचं सांगायला नको. जेट्टीसमोरच्या मोकळ्या जागेत लावलेल्या गाड्यांभोवती आमची घिरट्या घालायला सुरुवात झाली. सहा-सात पर्यटक चहा प्यायचं थांबवून बघायला लागले. "यांना काय झालं?" बाईंनी हिला विचारलं.

"काही नाही," ही म्हणाली. "आमच्याकडे असंच असतं."

मी दुसरी फेरी मारून तिच्यासमोर आलो, तेव्हाही ती कमरेवर हात ठेवून उभीच होती. "अगं चल," मी म्हटलं. "आठशे राहिलेत."

ती माझ्याकडे बघत राहिली. अठ्ठावीस वर्षांच्या संसारात तिने माझ्याकडे असं फार वेळा बघितलेलं नाही. मग म्हणाली, "माझे आठशे मी तिकडे भरते." आणि पाठ फिरवून गावाच्या रस्त्याला धावत सुटली.

मी दोन क्षण गाड्यांच्या मधे उभा राहिलो. मग तिच्या मागे निघालो.

ग्रुपमध्ये ही नेहमी सगळ्यांत मागे असते. डॉक्टरांनी साखरेसाठी चालायला सांगितलं, त्यातून हळूहळू धावायला शिकलेली. त्या दिवशी मला तिला गाठता येईना. ती कुठल्याही पाटीकडे बघत नव्हती. एका दुकानाशेजारच्या बोळात शिरली, डावीकडे वळली, पिंपळाला वळसा घातला. विहीर आली, तिच्यावर आता लोखंडी जाळी होती. विहिरीच्या अलीकडे तीन मजली इमारत होती, खाली मोबाइलचं दुकान. तिचं घर तिथे नव्हतं. ते बघून तिचा वेग कमी झाला. मला वाटलं, थांबते आता. ती थांबली नाही.

इमारतीला लागून चिऱ्यांच्या कुंपणाचा बुटका गडगा होता आणि आत कौलारू बैठं घर. अंगणात एक म्हातारी बाई पाठमोरी वाकून उन्हाच्या पट्ट्यात ताटं मांडत होती. ताटांवर फणसाचा रस पसरलेला. ही फाटकाला धरून उभी राहिली. हाक मारायला तिने तोंड उघडलं, पण धाप लागली होती आणि आवाज फुटेना. मी तिच्यामागे पाच पावलांवर थांबलो.

म्हातारी वळली. कपाळावर हात आडवा धरून तिने बघितलं. डोक्यावरची टोपी, घामाने चिकटलेला टी-शर्ट, भडक पोपटी बूट. मला वाटलं, ओळखणं शक्य नाही.

काकींनी हातातलं ताट सावकाश खाली ठेवलं.

"धावत कशाला आलीस गो?" त्या म्हणाल्या. "एवढ्या वर्षांत चालत निघाली असतीस तरी पोचली असतीस."

ही फाटक उघडून आत गेली आणि त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून लहान मुलीसारखी रडली. रडता रडता हसत होती. काकी तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणत होत्या, "भिजलीस की सगळी. आत ये, अंग पूस आधी." एवढी वर्षं माझ्या घरात राहणाऱ्या बाईचं काय राहून गेलं होतं ते मी त्या फाटकाबाहेरून पहिल्यांदा बघत होतो.

मी सवयीने मनगटाकडे पाहिलं. नऊ किलोमीटर नऊशे दहा. नव्वद मीटर कमी. गडग्याच्या कडेने दोन-चार फेऱ्या मारल्या असत्या तर झालं असतं. मी घड्याळ तिथेच बंद केलं.

"जावईबापू, तुम्ही का बाहेर?" काकींनी हाक मारली.

आत आम्हाला कोकमाचं सरबत मिळालं, मग घावन, मग नारळाचं दूध. काकींनी हिला पायरीवर बसवून टोपी काढायला लावली आणि फणी घेऊन तिच्या मागे बसल्या. "केस पिकले गो तुझे," असं म्हणत तिची वेणी घालायला घेतली. ही डोळे मिटून बसली होती. बोलताना तिचे सूर बदलले होते, असं बोलताना मी तिला कधी ऐकलं नव्हतं. मी दंडाच्या पट्टीतला फोन काढून मित्राला सांगितलं की बस थांबवून ठेव.

"किती मिनिटं?" त्याने विचारलं.

"माहीत नाही," मी म्हटलं.

पलीकडून काळजीच्या आवाजात, "राव, तब्येत बरी हाय न्हवं?"

बस दोन तास उशिरा सुटली. कुणी रागावलं नाही, सगळे मिळून पुन्हा समुद्रात डुंबायला गेले होते. आम्ही निघालो तेव्हा काकींनी फणसपोळ्या कागदात गुंडाळून दिल्या. फाटकापाशी हिने पुन्हा त्यांना मिठी मारली आणि तिच्या तोंडून आपसूक निघून गेलं, "मे महिन्यात येते, काकी."

काकींनी तिच्याकडे नाही, माझ्याकडे बघितलं. "हिचं मी ऐकलंय," त्या म्हणाल्या. "तुम्ही सांगा."

मी म्हटलं, "मे नको. दिवाळीत येतो."

त्यांनी मान डोलावली, हिच्या हातातली पुडी काढून घेतली आणि माझ्या हातात दिली.

दिवाळीत आम्ही दोघंच एसटीने गेलो. स्टँडवर रिक्षावाले हाका मारत होते. मी एका रिक्षाकडे वळलो, तर ही म्हणाली, "चालत जाऊ या."