वाळूच्या पट्ट्यावरची भरती

मंडळी, आज दुपारी माझ्या लेकीचा, अनघाचा, कॅरिबियनमधून फोन आला. "आई, उद्या गाइडबरोबर डे ट्रिपला जातेय. आधी बेटावरचे बीच, मग कोळ्यांचं गाव." मी बरं म्हटलं, पण फोन ठेवला आणि मला आमची एक जुनी सहल आठवली.

ऐंशीच्या दशकात आम्ही दोहाला, ओल्ड एअरपोर्ट भागात राहायचो. तेव्हा अशाच सहलीला गेलो होतो. यूसुफ नावाच्या गाइडने होडीने बेटावर नेलं. जेवण नंतर त्याच्या गावात होतं. छोट्या अनघाला कडेवर घेऊन मी शिंपले बघत वाळूच्या पट्ट्यावरून लांब गेले. मागे वळले तर पट्टाच दिसेना. भरती आली होती.

पाणी बघता बघता कमरेपर्यंत चढलं. मला पोहता येत नव्हतं. किनाऱ्यावरून मिस्टर ओरडत होते, पण वाऱ्यात काही कळत नव्हतं.

"आई, मला खाली ठेवू नको," अनघा म्हणाली.

यूसुफ पाणी कापत आला. "बच्ची मुझे दो, बहनजी." माझे हात सुटेचनात. तो शांतपणे म्हणाला, "ठीक है, मत दो. मेरा कंधा पकड़ो." तसेच आम्ही किनाऱ्याला लागलो.

गावात त्याच्या आईने कोरडे कपडे दिले. अनघा तिच्या मांडीवर बसून मासे-भात जेवली. मी तिचे ओले कपडे पिळून वाळत घातले.

अनघाला यातलं काहीच आठवत नाही, आणि आजही मी तिला सांगितलं नाही. तुम्ही सांगितलं असतं का?