मिस्त्रीचं नाक

बेकरीत सगळे त्याला मिस्त्रीच म्हणायचे. भट्टीसमोर त्याची एकतीस वर्षं गेली होती. भट्टीच्या वर भिंतीवर मोठं गोल घड्याळ होतं, पण त्याच्याकडे मान वर करून पाहिल्याचं मिस्त्रीला आठवत नव्हतं. पाव झाला की नाही हे त्याला नाकानं कळायचं. पीठ मळणाऱ्यांशी बोलता बोलता तो मध्येच थांबायचा, एक श्वास आत ओढायचा, "झालं" म्हणायचा आणि लांब दांड्याचं फावडं उचलायचा. दार उघडावं तर पाव बरोबर बदामी. मालक गिऱ्हाइकांना सांगायचे, "घड्याळ बंद पडलं तरी चालेल. मिस्त्रीचं नाक चालू असलं म्हणजे झालं."

एरवी तो नाकासमोर चालणारा माणूस. पहाटे कामावर, दुपारी घरी. त्याची बायको एका इस्पितळाच्या लॉन्ड्रीत चादरींना इस्त्री करायची. एकुलती एक मुलगी लग्न होऊन दुसऱ्या गावी गेली होती आणि तिथल्या शाळेत शिकवत होती. दोन खोल्यांचं घर, खिडकीत दोन कुंड्या. कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही.

एका हिवाळ्यात मिस्त्रीला ताप आला. आठ दिवस अंथरुणात काढून तो नवव्या दिवशी कामावर गेला. पहिला घाणा आत सरकवला, नेहमीसारखा दाराशी उभा राहिला. तोंडावर झळ येत होती, लाकडं तडतडत होती. पण भट्टी गप्प होती. त्यानं जोरात श्वास घेतला. मग आणखी एकदा. आत नुसती गरम हवा गेली.

सर्दी अजून गेली नसेल, असं त्यानं स्वतःला समजावलं. पंधरा दिवस गेले, महिना गेला. डॉक्टरांनी नाकात बॅटरी मारून पाहिलं आणि म्हणाले, "कधीकधी परत येतो वास. कधीकधी नाही येत." तोंडाची चवही निम्मी गेली होती. खारट, गोड, आंबट, कडू एवढंच जिभेला कळे. बाकी सगळं ओल्या पुठ्ठ्यासारखं.

त्यानं कुणाला सांगितलं नाही. बायकोलाही नाही. बेकरीत तो चोरून घड्याळाकडे बघू लागला. पण पीठ रोज सारखं नसतं, लाकूड रोज सारखं कोरडं नसतं. एखादा घाणा कच्चा निघायचा, एखादा करपायचा. "मिस्त्री, वय झालं का?" कुणीतरी थट्टा करायचं आणि तो हसून वेळ मारून न्यायचा.

चार महिन्यांनी एका सकाळी पुढच्या दुकानातून काउंटरवाली धावत आत आली. "मिस्त्री, अहो जळतंय!" मिस्त्री भट्टीच्या दारापासून दोन हातांवर उभा होता. त्यानं दार उघडलं तेव्हा अख्खा घाणा कोळसा झाला होता. धूर बाहेर आला तेव्हा सगळ्यांनी नाकाला फडकी लावली. मिस्त्री तसाच उभा राहिला, कारण त्याला फडक्याची गरज नव्हती. तेव्हाच सगळ्यांना कळलं.

मालकांनी त्याला बाजूला घेतलं. "किती दिवस झाले?"

"चार महिने."

"मला सांगायचंत तरी."

मालक वाईट माणूस नव्हते. त्यांनी त्याला पाव कागदात बांधायच्या कामाला बसवलं. पण आपल्याच भट्टीकडे पाठ करून, दुसऱ्याच्या हातचे पाव मोजायचे हे त्याला झेपेना. तीन आठवड्यांनी त्यानं एप्रन घडी करून टेबलावर ठेवला आणि घरी आला.

बायको म्हणाली, "बरं केलंत. आता मला आयतं जेवायला मिळेल."

म्हणून तो स्वयंपाकाला लागला. घरात मुलीनं दिलेला एक छोटा ओव्हन होता, आजवर जुने डबे ठेवायला वापरलेला. मिस्त्रीनं तो पुसून काढला. फोडणीबिडणी आपल्याला जमायची नाही, पण भाजणं तर आपलंच काम, असा त्याचा हिशोब. बायकोला लसणाचे भाजलेले बटाटे आवडायचे, तेच करायचं ठरवलं. बटाटे सालासकट धुतले, एकेकाचे चार तुकडे केले, मिठाच्या पाण्यात पाच-सात मिनिटं उकळले, निथळून वाफ जाऊ दिली. मग पातेल्यातच तेल, मीठ, मिरपूड घालून पातेलं हलवलं, म्हणजे कडा जरा खरबरीत होतात. लसूण बारीक चिरला, वर पसरला आणि ट्रे आत ढकलला.

संध्याकाळी बायको कामावरून आली आणि जेवायला बसली. एक तुकडा खाल्ला, दुसरा खाल्ला.

"छान झालेत," ती म्हणाली.

मिस्त्रीनं एक तुकडा तोंडात टाकला. "खोटं बोलू नकोस. कडू मला कळतं."

"लसूण जरासा लागलाय. बटाटे चांगलेत."

"जरासा?"

"बरं, कोळसा झालाय," ती म्हणाली आणि हसायला लागली. कितीतरी दिवसांनी तोही हसला. मग हसता हसता त्याचे डोळे भरून आले. तिनं ताट बाजूला सारलं आणि त्याच्या पाठीवर हात ठेवून बसून राहिली. बेकरीतून आल्यापासून तो पहिल्यांदाच रडत होता.

दुसऱ्या दिवशी कामावरून आल्यावर तिनं चप्पल काढली, बादलीत कोमट पाणी घेतलं आणि स्वयंपाकघराच्या दारात स्टूल टाकून बसली. दिवसभर उभं राहून तिचे पाय सुजायचे. पाय पाण्यात सोडून म्हणाली, "लावा तुमचे बटाटे. लसूण मात्र आधी घालायचा नाही. मी सांगेन तेव्हा."

मिस्त्री ओव्हनच्या काचेतून बघत राहिला. अर्ध्या तासानं तिनं मान वर केली. "आता बटाट्याचा वास सुटला. घाला." त्यानं ट्रे काढला, लसूण टाकला, तुकडे उलटेपालटे केले, परत आत ठेवला. आठेक मिनिटांनी ती म्हणाली, "झालं. काढा." त्याचाच तो शब्द तिच्या तोंडून ऐकून मिस्त्री क्षणभर थांबला. मग त्यानं ट्रे बाहेर काढला. तुकडे बदामी होते आणि लसूण सोनेरी.

"नाकानं कांदे सोलणारी माणसं खूप पाहिली," ती म्हणाली. "नाकानं बटाटे भाजणारी मीच पहिली."

मग हे रोजचंच झालं. बटाटे आठवड्यातून दोनदा, पण दारातलं स्टूल रोज. आल्या आल्या ती त्याला बाहेरच्या बातम्या सांगायची, त्याही वासाच्या. कोपऱ्यावर डांबर टाकलंय, रॉकेलसारखा उग्र वास येतोय म्हणायची. खालच्या शिंपीणबाईंनी आज मासे आणलेत. मिस्त्री मान हलवत ऐकायचा. कधी ती भांडी घासत असताना तो मागून जवळ जायचा, तिच्या मानेपाशी वाकून उभा राहायचा.

"काय शोधताय?"

"काही नाही."

तिला कळायचं. ती तशीच उभी राहायची, नळ वाहता ठेवून.

अशी दोन वर्षं गेली. तिसऱ्या वर्षी, एका मंगळवारी, सकाळी अकराच्या सुमारास इस्पितळातून फोन आला. चादरी घडी करता करता ती खाली बसली होती आणि बसली ती परत उठली नव्हती. डॉक्टर त्याच इमारतीत होते, धावत आले, पण हृदय थांबलं होतं. मिस्त्री गेला तेव्हा तिला तिथल्याच एका पांढऱ्या चादरीवर ठेवलं होतं, कडक इस्त्रीच्या. तिच्याबरोबरची बाई म्हणाली, "ही तिनंच केलेली आहे हो." मिस्त्रीनं चादरीच्या कडेवरून हात फिरवला. एकही सुरकुती नव्हती.

मुलगी त्याच संध्याकाळी आली आणि दोन आठवडे राहिली. जाण्याआधी तिनं आईचं कपाट आवरायला काढलं. वरच्या खणात आईचा करड्या रंगाचा स्वेटर होता, थंडीत कामावर जाताना रोज घालायची तो. मुलीनं तो उचलला, चेहऱ्याला लावला आणि तिथंच फरशीवर बसली.

"आईचा वास आहे बाबा याला. अजून आहे."

मिस्त्रीनं हात पुढे केला. स्वेटर घेतला, तोंड त्यात खुपसलं, छाती दुखेपर्यंत श्वास ओढला. लोकर गालाला टोचली. बाकी काही नाही.

स्वेटर मांडीवर घेऊन त्यानं विचारलं, "कसा आहे?"

मुलीनं डोळे पुसले. "साबणाचा आहे. गरम इस्त्रीचा. तिच्या डोक्याच्या तेलाचा थोडासा." ती थांबली. "आणि लसणाचा, बाबा."

मिस्त्रीनं मान हलवली. "धुऊ नकोस," तो म्हणाला. मग उठून त्यानं प्लॅस्टिकची जाड पिशवी आणली, स्वेटर आत घातला, हवा दाबून बाहेर काढली आणि तोंडाला गच्च गाठ मारली.

"माझ्याकडे चला," मुलगी म्हणाली. "इथं एकटे काय करणार?"

"येईन कधीतरी," तो म्हणाला, पण गेला नाही.

तो एकटाच राहिला, एकटाच शिजवू लागला. बटाटे अर्धा तास, मग लसूण, मग आठ मिनिटं, समोर गजराचं घड्याळ. कधी बरोबर व्हायचे, कधी शिंपीणबाई जिना चढून येऊन दार वाजवायच्या, "भाऊ, काहीतरी लागलंय बरं का." तो ओव्हन बंद करायचा, आभार मानायचा आणि जे झालं असेल ते खायचा.

मुलगी तीन-चार महिन्यांनी यायची. ती आली, पाणी प्यायली, की मिस्त्री कपाटातून पिशवी काढायचा, गाठ सोडायचा. "बघ गं, आहे का अजून?"

ती स्वेटर नाकाशी धरायची. "आहे, बाबा." मग तो लगेच गाठ मारायचा, जास्त हवा लागू नये म्हणून.

दुसऱ्या वर्षीच्या थंडीत ती आली तेव्हाही त्यानं पिशवी पुढे केली. तिनं स्वेटर नाकाशी धरला. घडी उलटून पुन्हा धरला. बाह्या पाहिल्या, गळ्यापाशी पाहिलं. फार वेळ लावला. मिस्त्री तिच्या चेहऱ्याकडे बघत होता. एकतीस वर्षं भट्टीसमोर काढलेल्या माणसाला वास शोधणारा चेहरा कसा दिसतो, हे कुणी सांगायला नको होतं.

"आहे, बाबा," ती म्हणाली.

"बरं," मिस्त्री म्हणाला.

त्यानं तिच्या हातातून स्वेटर घेतला, नीट घडी केली, पिशवीत ठेवला. गाठ मारली नाही. पिशवी कपाटात ठेवून तो स्वयंपाकघरात गेला आणि दोघांपुरते बटाटे धुवायला घेतले.