रोज नवा कोपरा

इंदिरानगरात मला मेथी देणारी एक मावशी आहे. जुडीतली पिवळी पानं स्वतःच खुडून टाकते, वर चार मिरच्या फुकट. पण या बाईला धड एक जागा नाही! आज बागेपाशी, उद्या दवाखान्यासमोर, परवा गायब. अशानं गिऱ्हाईक टिकेल कसं? मला मात्र तिला हुडकायचा नादच लागला.

परवा घरातून निघाले आणि दोन मिनिटांत, दुसऱ्याच गल्लीत ती दिसली. मी लांबूनच ओरडले, "सापडलात!"

शेजारी बसलेली तिची कॉलेजच्या वयाची लेक दचकून टोपलीआड वाकली.

"अगं, ताई हायेत," मावशी तिला म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "एक पोरगा हिच्या लय मागं लागलाय. नंबर बदलला, कॉलेज सोडलं, तरी येतो. घरी एकटी ठेवायची भीती वाटती. म्हणून संगं आणते, अन् रोज जागा बदलते."

मी एक जुडी उचलून पिशवी पुढं केली. मावशीनं पिशवीत मिरच्या टाकल्या.

"ताई, आम्हाला शोधायला लय फिरावं लागलं का?"

"विचारू नका! अख्खं इंदिरानगर पालथं घातलं."

"बघ," मावशी लेकीला म्हणाली, "अख्खं इंदिरानगर."

लेक हळूच टोपलीआडून वर आली.