उरलेली साडेआठ मिनिटं

लोक सिनेमा बघायला थिएटरात जातात आणि शेवट समजून घ्यायला आमच्या ह्यांच्याकडे येतात. खोटं नाही सांगत. तेवीस वर्षं हे त्या थिएटरच्या दारावर आहेत. तिकीट फाडायचं, बॅटरीने खुर्ची दाखवायची, कुणी पुढच्या खुर्चीवर पाय ठेवले की खाकरायचं, खेळ सुटला की दारं उघडायची, एवढंच खरं तर काम. पण माणसं पायऱ्यांवर रेंगाळतात. "काका, ती बाई शेवटी का हसली हो?" "मामा, म्हणजे खून नक्की केला कुणी?" असं कुणी विचारलं की ह्यांची कळी खुलते. मग बॅटरी काखेत मारून हे पायरीवर उभे राहतात आणि सांगायला लागतात. सिनेमा काढणाऱ्याला सुचलं नसेल तेही सांगतात.

मी शिवणकाम करते. ब्लाउज, पडदे, शाळेचे गणवेश, येईल ते. सिनेमात मला झोप लागते. लग्नानंतरच्या पहिल्याच सिनेमात मी ह्यांच्या खांद्यावर घोरले, आणि ते दुःख हे अजून विसरलेले नाहीत. त्यामुळे मला सगळे शेवट घरी ऐकावे लागतात, मशीन चालवता चालवता. आजवर किती माणसं मेली आणि किती हरवलेले भाऊ एकमेकांना सापडले, विचारू नका.

आता त्या बटणाचं सांगते, कारण सगळं रामायण तिथूनच झालं. दाराशेजारी भिंतीत एक काळं बटण आहे. पडद्यावर नावं वर सरकायला लागली की हे ते दाबतात. वर ऑपरेटरच्या खोलीत बेल वाजते, तो सिनेमा बंद करतो, दिवे लागतात, दारं उघडतात आणि झाडूवाल्या मावशी आत शिरतात. दोन खेळांच्या मध्ये मिळतात बारा मिनिटं, आणि खुर्च्या सातशे. जुन्या मॅनेजरने घालून दिलेला नियम. मॅनेजर गेला, नियम राहिला. ह्यांच्या अंगठ्याने बटणाचा रंगसुद्धा उडालाय. "मी दाबलं की सिनेमा संपला," असं हे ऐटीत सांगायचे. मध्यंतरी कॉलेजातली एक मुलगी म्हणाली होती, काका, हल्ली नावांनंतरही काहीतरी दाखवतात. "बाळ, तू पाळण्यात होतीस तेव्हापासून मी हे बटण दाबतोय," म्हणून ह्यांनी तिला वाटेला लावलं.

आमची नात सात वर्षांची. लेक आणि जावई दोन गल्ल्या सोडून राहतात, पण शाळा सुटली की पोरगी आमच्याकडे. वर्षभर तिचा घसा सुजलेला. आज ताप, उद्या गिळता येत नाही, परवा शाळा बुडाली. टॉन्सिल काढायची दोनदा ठरली आणि दोन्ही वेळा ऐन वेळी ताप आला. शेवटी गुरुवार पक्का झाला. डॉक्टरबाई मोठ्या गोड. त्यांनी तिला जवळ बसवून सांगितलं, नाकावर मास्क लावू, तू दहापासून उलटे आकडे मोजायचे, मध्येच झोप लागेल, जागी होशील तेव्हा सगळं झालेलं असेल, आणि मग आईस्क्रीम. पोरगी खूश. सगळ्या वर्गात सांगून आली.

पण आमच्या ह्यांना स्वस्थ बसवेल तर ना! "ऑपरेशनच्या आधी पोरीला सिनेमा दाखवू," म्हणाले. तीन आठवडे थिएटरात एका झगेवाल्याचा सिनेमा चालला होता. त्याच्या हातातून वीज निघते, म्हणून नात त्याला ठिणगीदादा म्हणायची. तिला मी उरलेल्या अस्तराचा निळा झगासुद्धा शिवून दिला होता. रविवारी तो झगा घालून ती निघाली. मी सोबत गेले आणि आवाज कितीही होऊ दे, पंधराव्या मिनिटाला झोपले.

जागी झाले ती तिच्या हुंदक्यांनी. दिवे लागलेले, मावशी झाडायला लागलेल्या आणि पोरगी खुर्चीत मुटकुळं करून रडतेय. बाहेर पायऱ्यांवर ह्यांनी तिला कडेवर घेतलं आणि शेवट समजावून सांगितला. माझ्या समोर सांगितला, म्हणून मला पाठ आहे.

"हे बघ बाळा, शहरावर ते भलंमोठं यंत्र पडणार होतं. ठिणगीदादाने आपल्या अंगातली सगळी वीज त्यात सोडली. यंत्र थांबलं, शहर वाचलं, पण त्याच्यात काही उरलं नाही. मग त्याच्या डॉक्टर मैत्रिणीने त्याला त्या पांढऱ्या टेबलावर निजवलं, नाकावर मास्क लावला आणि दहापासून मोजायला सांगितलं. त्याने चारपर्यंत मोजलं आणि अंधार झाला. म्हणजे तो गेला. दुसऱ्यांसाठी गेला. ह्याला म्हणतात मोठेपणा."

आजूबाजूच्या दोघातिघांनी माना डोलावल्या. एका बाईंनी डोळे पुसले. हे खूश. नातीचं रडणं मात्र एकदम थांबलं.

"आबा, मास्क लावून झोपला आणि उठलाच नाही?"

"नाही गं राणी."

कप्पाळ माझं! ह्या माणसाला तेवीस वर्षं लोकांचे शेवट कळतात, आणि कडेवरच्या पोरीच्या मनात काय चाललंय ते कळू नये!

सोमवारी शाळेतून आली ती थेट माझ्या कापडं बेतायच्या टेबलाखाली जाऊन बसली. झगा अंगाभोवती गुंडाळलेला. "मी गुरुवारी जाणार नाही. मी मोजणार नाही." जेवली नाही. लेक आली, समजावलं, रागावली, शेवटी स्वतःच रडकुंडीला आली. डॉक्टरबाई गुरुवारनंतर दोन महिने परगावी जाणार होत्या. म्हणजे आणखी दोन महिने ताप आणि पोरीचा तो सुकलेला चेहरा.

"बाबा, तुम्हाला कुणी सांगितलं होतं समजावायला?" लेक म्हणाली.

मी ह्यांना स्वयंपाकघरात घेतलं. "अहो, सांगून टाका, की चुकलो, तो जिवंत आहे. तुम्हाला काय, दोन शब्द तर बोलायचेत."

"खोटं बोलू?"

"एरवी काय खरं बोलता? मागच्या सिनेमातल्या नोकराला तुम्हीच खुनी ठरवलंत!"

"तो माझा अंदाज होता. हे मी डोळ्यांनी पाहिलंय."

तरी गेले बिचारे टेबलापाशी. खाली वाकले, गुडघे कुरकुरले. "राणी, ठिणगीदादा बहुतेक उठला असेल हं." आतून आवाज आला, "आबा, तू पाहिलास उठताना?" हे तसेच वाकलेले. मग म्हणाले, "नाही." मला इतका राग आला ह्यांचा, आणि खरं सांगते, इतकं प्रेमही वाटलं. रागाचं तेवढं मी बोलून दाखवलं.

मंगळवारी दुपारी डबा घेऊन मी थिएटरात गेले. हे दारावर तोंड पाडून उभे. कुणी शेवट विचारला तर "बघा तुमचं तुम्ही" म्हणत होते. मला म्हणाले, तू वर ऑपरेटरच्या खोलीत बस, खेळ सुटतोच आहे. ऑपरेटर ह्यांच्याच वयाचा, अबोल, जागच्या जागी पेंगणारा. त्याच्या यंत्रावर लाल आकडे उलटे पळत होते.

"भाऊजी, हे काय?"

"सिनेमा किती उरला ते दाखवतं, वहिनी."

तेवढ्यात बेल वाजली. त्याने खटका ओढला. आकडे थांबले. मी बघितलं, आठ मिनिटं तीस सेकंद.

आता मी कापडावर जगणारी बाई. वीतभर कापड उरलं तरी माझ्या जिवाला चैन पडत नाही. "आणि हे उरलेलं?"

"नावं असतात."

"साडेआठ मिनिटं नुसती नावं?"

"असतील. मी बघितलं नाही कधी. बेल वाजली की बंद."

"तेवीस वर्षांत एकदाही नाही?"

"बेल वाजते ना, वहिनी," तो म्हणाला, जणू मीच वेडी.

मी जिना कशी उतरले मला आठवत नाही. डबा वरच राहिला. ह्यांना बाजूला ओढलं आणि सगळं सांगितलं. हे आधी हसले. मग ती कॉलेजातली मुलगी आठवली असावी, कारण त्या बटणाकडे बघत राहिले. "म्हणजे मीच…" एवढंच म्हणाले.

"तुम्हीच! हत्ती गेला आणि शेपूट राहिलं. आता उद्या ते बटण दाबू नका म्हणजे झालं."

"तिथे काही नसलं तर?"

मी विसरलेला डबा आणायला पुन्हा वर गेले.

बुधवारी दुपारच्या खेळाला नातीला आणलं. आणलं म्हणजे, आबाने स्वतः बोलावलंय, सिनेमाचा तुकडा बघायचा राहिलाय, एवढंच सांगितलं. ती शेवटच्या रांगेत लेकीच्या आणि माझ्या मध्ये बसली, झग्यात तोंड खुपसून. मी त्या दिवशी डोळ्याला डोळा लागू दिला नाही. पांढरं टेबल आलं, मास्क आला. दहा, नऊ, आठ… चार. अंधार. नावं सरकायला लागली आणि लोक उठायला लागले.

आणि आमचे हे, जन्मभर "चला, चला, आवरा" म्हणणारे, दाराला पाठ लावून उभे राहिले आणि ओरडले, "बसा! सगळे बसा! सिनेमा संपलेला नाही!"

लोक चक्रावले. निम्मे बसले, निम्मे उभेच. झाडूवाल्या मावशी दारातून डोकावल्या, "दादा, बेल?" "थांबा मावशी." नवा मॅनेजर धावत आला. "अहो, पुढचा खेळ!" "थांबा साहेब." ह्यांनी दोन्ही हात पाठीमागे धरले होते, अंगठ्याचा भरवसा नव्हता ना. पडद्यावर नावं, नावं आणि नावं. अहो, एवढी माणसं लागतात एका झगेवाल्याला? पोरीला मीच आशा लावली होती. काही निघालं नाही तर तिला तोंड कसं दाखवू?

शेवटचं नाव वर गेलं. पडदा काळा झाला. कुणीतरी हसलं.

मग अंधारातच आवाज आला. "तीन. दोन. एक." पांढरा दिवा लागला आणि टेबलावरच्या झगेवाल्याने डोळे उघडले. इकडेतिकडे बघितलं आणि म्हणाला, "झालं?"

सातशे खुर्च्यांचं थिएटर, अर्धं रिकामं, पण काय टाळ्या, काय शिट्ट्या! नात खुर्चीवर उभी राहून ओरडत होती, "उठला! आबा, उठला!" मॅनेजरही टाळ्या वाजवत होता. "उद्यापासून बेल सगळं संपल्यावरच," म्हणाला. "मग मी झाडू केव्हा?" मावशी कडाडल्या. "मी मदत करतो," हे म्हणाले. ऐका! घरात ह्यांनी कधी केरसुणीला हात लावला असेल तर शपथ.

संध्याकाळी हे गल्लीभर फिरले. न्हाव्याकडे, वाण्याकडे, इस्त्रीवाल्याकडे. "तो जिवंत आहे हो. चूक माझी होती." पायऱ्यांवर डोळे पुसणाऱ्या बाईंचं घरही शोधून काढलं. त्यांनी ह्यांना चहा पाजला.

गुरुवारी सकाळी नात झगा घालूनच दवाखान्यात गेली. दारापाशी डॉक्टरबाईंना म्हणाली, "मी मोजीन, पण मध्ये थांबले तर घाबरू नका." दार मिटलं. आतून तिचा आवाज आला, दहा, नऊ, आठ, सात. मग काही नाही.

तासाभराने डॉक्टरबाई बाहेर आल्या. सगळं छान झालं, झोपलीय, तुम्ही चहा घेऊन या. माझा जीव भांड्यात पडला. पोरीला खोलीत आणून निजवलं, तेव्हा लेक आणि जावई चहाला उठले. हे खाटेशेजारी उभेच. बसायला खुर्ची होती, तरी उभे. मी म्हटलं, "चला हो, झालं ना आता."

"तू जा. अजून संपलेलं नाही."

मग मीही थांबले. किती वेळ गेला, कुणास ठाऊक. पोरीच्या पापण्या हलल्या. ओठ कोरडे, आवाज घोगरा, जेमतेम ऐकू येणारा.

"सहा… पाच… चार… तीन… दोन… एक." डोळे उघडले. "आबा, झालं?"

नर्सबाई गोंधळल्या. "ही काय मोजतेय?" त्यांनी ह्यांना विचारलं. ह्यांनी तोंड उघडलं, पण शब्द फुटेना. नुसते डोळ्यांतून पाणी गाळत हसत राहिले, नातीचा हात धरून. मग नर्सबाईंना बाजूला घेऊन, आयुष्यात पहिल्यांदा, शेवट मी समजावून सांगितला.